श्वासासकट

१

खण रिकामा होता, आणि तो रिकामा आहे हे थोरलीला ओरडून सांगता येत नव्हते. तिने माझी बाही धरून मला खोलीत ओढत नेले, उघड्या खणाकडे बोट दाखवले आणि गळ्यात अडकवलेल्या पाटीवर लिहिले, "डिस्क गेली."

"नीट बघितलंस का? घरात हरवलेली वस्तू बहुतेक वेळा शेजारच्या खणात असते."

तिने माझ्याकडे असे पाहिले की मी सगळे खण स्वतः उपसले. कच्च्या ध्वनिमुद्रणांची डिस्क कुठेही नव्हती. तयार गाण्यांची डिस्क मात्र तिथेच, जागच्या जागी होती.

थोरली आणि धाकटी या माझ्या बहिणीच्या मुली. बहिणीचा सूर त्या दोघींत गेला. माझ्या वाट्याला मोजमाप आले. मी नोकरीभर एका इस्पितळात लोकांची फुप्फुसे मोजली. माणूस नळीत फुंकतो, यंत्र रेघ काढते. नोकरीसाठी तपासणीला आलेल्या एका उमेदवाराने एकदा स्वतःऐवजी सख्ख्या भावाला फुंकायला पाठवले होते. चेहरा हुबेहूब, आवाजही तोच. पकडला गेला तो रेघेवरून, कारण उमेदवाराच्या आजारी छातीतून तेवढी हवा निघणे शक्यच नव्हते. छातीत असते त्याहून जास्त हवा बाहेर येत नाही, एवढ्या एका विधानावर माझा निःशंक विश्वास आहे. बाकी सगळ्याला मी पुरावा मागते.

थोरलीने विशीत कपड्यांच्या कपाटात मायक्रोफोन टांगला आणि जाड कोटांच्या मधे उभी राहून स्वतः लिहिलेली, स्वतः चाल लावलेली गाणी गायली. एका मोठ्या कंपनीला ती आवडली. त्यांची एकच अट होती: दोन ओळींच्या मधले तिचे श्वास ऐकू येतात, ते कापून टाकायचे. "मग मलाही कापा की," म्हणून ती उठून आली. पाठीवरच्या पिशवीतून सीडी विकल्या, रिकाम्या खुर्च्यांपुढे गायली, आणि शेवटी स्वतःची कंपनी काढली. नाव ठेवले 'श्वासासकट'. आज त्या कंपनीत इतरही गातात आणि सगळ्यांना नियम एकच: गाणाऱ्याचा श्वास कापायचा नाही.

मग तिच्या श्वासनलिकेत, स्वरतंतूंच्या अगदी खाली, गाठ निघाली. गाठीबरोबर दोन्ही स्वरतंतू गेले, आणि आवाजही. डॉक्टर म्हणाले होते, "वर्षभर आधी आला असतात तर एखादा तंतू वाचवायचा प्रयत्न करता आला असता." त्यावर तिने पाटीवर लिहिले होते, "वर्षभर आधी तर मी आयुष्यातलं सगळ्यात चांगलं गात होते."

आता उरली होती ती कच्ची ध्वनिमुद्रणे. त्यांत प्रत्येक वाद्य आणि प्रत्येक आवाज वेगळा ठेवलेला असतो. बाकी सगळे बाजूला काढून नुसता तिचा आवाज श्रोत्यांना द्यायचा, असे तिने जाहीर केले होते. पण श्रोते ही सबब होती. खरे कारण तिने मला आधीच लिहून दाखवले होते: "मला मी एकदा एकटी ऐकायची आहे."

"दुसरी प्रत असेल ना?" मी विचारले.

"स्टुडिओत," तिने लिहिले, आणि चपला घातल्या.

२

स्टुडिओ फर्निचरच्या गोदामाच्या वरच्या मजल्यावर होता. जिन्यात पॉलिशचा वास, वर दोन जाड दारे, आणि दारांच्या आत अशी शांतता की स्वतःचे गिळणे ऐकू यावे. अजून कोणी आले नव्हते. थोरलीने कोपऱ्यातले पत्र्याचे कपाट किल्लीने उघडले.

तयार गाण्यांची डिस्क होती. कच्च्या ध्वनिमुद्रणांची नव्हती.

ती खाली बसली, भिंतीला पाठ लावून. रडायलाही आवाज लागतो हे मला तेव्हा कळले.

मी कपाट पाहिले. कुलूप फोडलेले नव्हते, घरच्या दाराचेही नव्हते. घर आणि स्टुडिओ दोन्हींच्या किल्ल्या थोरलीशिवाय फक्त व्यवस्थापकाकडे होत्या. ध्वनिमुद्रकाकडे स्टुडिओची होती, घरची नाही. धाकटी घरातच राहत होती, पण स्टुडिओची किल्ली तिच्याकडे नव्हती. दोन्ही ठिकाणी हात पोचणारा माणूस एकच. गणित सोपे होते, आणि सोपे उत्तर आधी आले की मी गणित पुन्हा करते.

"कुणाशी काही बोलू नकोस," मी म्हणाले. "कुठली डिस्क गेली, किती गेल्या, काहीच नाही."

तिने पाटी पुसली. "बोलू कशी?" असे लिहून माझ्यापुढे धरली. त्या अवस्थेतही.

३

व्यवस्थापक पलीकडच्या खोलीत बसत असे; तो आल्यावर मी तिथे गेले. थोरली पिशवीतून सीडी विकायची तेव्हा ती पिशवी उचलणारा हाच. गुळगुळीत दाढी, दोन फोन, आणि दोन्हींवर एकाच वेळी नाराज.

"डिस्क सापडत नाहीये," मी म्हणाले. एवढेच.

"कुठली?"

"कुठली असेल?"

"मावशी, या इमारतीत डिस्कांचा बाजार आहे. तयार गाण्यांची, कच्ची, घरची, इथली. तुम्ही कुठल्या म्हणताय?"

"कच्च्या गाण्यांची."

त्याने दोन्ही फोन पालथे ठेवले. "मग मीच संशयित. सांगूनच टाकतो, मला ही नुसत्या आवाजाची कल्पना पसंत नव्हती. लोक मान देऊन एकदा ऐकतील, दुसऱ्यांदा नाही. माणूस जिवंत असताना त्याची श्रद्धांजली कशाला काढायची? तिला म्हटलं, दुसऱ्यांसाठी गाणी लिही, कंपनी वाढव. आठवडाभर पाटीवर माझ्याशी भांडली. पाटीवर भांडायला फार वेळ लागतो हो. मधल्या वेळात आपणच विरघळतो."

"किल्ल्या तुमच्याकडे आहेत."

त्याने जुडगा टेबलावर टाकला. "चोर असतो तर अशा समोर ठेवल्या असत्या?"

"हुशार चोराने ठेवल्या असत्या."

"मग हुशार नाही म्हणून सोडा मला." आणि मग, आवाज उतरवून, "मावशी, तिला कळलंय का?"

मी होकारार्थी मान डोलावली. त्याने खिडकीकडे तोंड केले.

४

ध्वनिमुद्रकाला सगळे 'कापूस' म्हणत. रस्त्यावरच्या गोंगाटाने कान खराब होतील म्हणून तो बाहेर पडताना कानांत कापसाचे बोळे घाली, आणि बहुधा काढायचे विसरे. थोरलीच्या पहिल्या कपाटापासून तो तिच्याबरोबर होता. ते कपाटही त्याचेच होते.

तो जिना चढून येत असताना मी त्याला गाठले. "डिस्क सापडत नाहीये."

त्याने एका कानातला बोळा काढला. "हे कपाट जुनंच आहे, मावशी. पत्रा सैल झालाय. चमच्यानंसुद्धा उघडेल कुणी. मी किती वेळा म्हटलं, नवं घ्या."

"हो का?"

"पण काळजी नका करू. तिच्याकडे घरी दुसरी आहे. ती आणून द्या मला, मी करतो सगळं. मशीन जरा बिघडलंय, थोडा वेळ लागेल, एवढंच."

"मशीन कधीपासून बिघडलंय?"

"झाले की आठवडे."

"घरचीही गेली, कापूस."

त्याने दुसऱ्या कानातलाही बोळा काढला. "काय म्हणालात?"

मी पुन्हा सांगितले. त्याच्या चेहऱ्यावर जे उमटले ते भय होते आणि ते खरे होते. खोटा धक्का बसलेला माणूस आधी श्वास सोडतो. याने श्वास आत घेतला आणि तो आतच राहिला.

५

धाकटी तरणतलावावर मुलांना पोहायला शिकवत असे. मी पोचले तेव्हा कोणाचा तरी चष्मा तळाशी पडला होता आणि ती तो काढायला खाली गेली होती. मी काठावर उभी राहिले. मुले बडबडत होती, एकाने दुसऱ्याला ढकलले, भांडण झाले, मिटले. ती अजून खालीच होती. मग सावकाश वर आली, चष्मा देऊन हसली. धाप लागलेली नव्हती. जुनी सवय, मनात मी तिची रेघ काढली. सुरेख रेघ.

थोरलीच्या गाण्यांना साथीचा आवाज हिचाच असे. हिला स्वतःला कधी पुढे यायचे नव्हते. "ताईच्या सावलीत ऊन लागत नाही," असे म्हणायची.

"डिस्क सापडत नाहीये," मी म्हणाले.

तिने टॉवेल डोक्यावर घेतला. तोंड पुसायला लागतो त्यापेक्षा तो जास्त वेळ तोंडावर राहिला. "खणाला कुलूप लावत जा म्हणून ताईला किती वेळा सांगितलं. घरात माणसं येतात-जातात. ऐकेल तर शपथ."

"आता काय करायचं म्हणतेस?"

"काही नाही. कापूसकडे एक आहे ना. तो बघून घेईल. तो सगळं बघून घेतो." शेवटचे वाक्य तिने माझ्याकडे न पाहता म्हटले.

"तुला ताईचा नुसता आवाज ऐकायचा नाही का?"

"मावशी, मुलं गारठतायत," ती म्हणाली आणि पाण्यात गेली. मुले गारठलेली नव्हती.

६

घरी आल्यावर मी थोरलीला म्हणाले, "मला तुझं गाणं ऐकव. शेवटच्या संग्रहातलं, लोकांना सगळ्यात आवडतं ते."

तिला आश्चर्य वाटले. मी कधी मागितले नव्हते. तिने तयार गाणे लावले. खालच्या ओळी बोलल्यासारख्या, जवळून येणाऱ्या. मग ती प्रसिद्ध ओळ: वर चढते, वरच राहते, लोक टाळ्या वाजवून थकतात तरी उतरत नाही. थोरलीने डोळे मिटले. ओळीबरोबर तिचा हात वर गेला, आणि तिच्या तोंडावर जे समाधान आले ते आजारपणानंतर मी प्रथमच पाहिले.

"पुन्हा लाव."

तिने लावले. मी ओळ ऐकली नाही. ओळीच्या आधीचा श्वास ऐकला. नियमाप्रमाणे तो कापलेला नव्हता. कोणी कुठूनतरी 'अगं' म्हणून हाक मारावी आणि आपण 'काय' म्हणण्यापुरता घ्यावा, एवढाच तो श्वास होता. त्यात बारीक शीळ होती, अरुंद नळीतून हवा ओढली की येते तशी. अशी शीळ मी हजारो छातींत ऐकली आहे.

आणि त्या चिमूटभर श्वासावर ती लांबलचक, स्वच्छ ओळ.

मी स्वतःशी वाद घातला. छातीत थोडी हवा शिल्लक असतेच. गाणारे काटकसर करतात. पण हवा आत जाताना नळी अरुंद आणि बाहेर येताना रुंद, असे होत नाही. मी तिला जुने, कपाटातले गाणे लावायला सांगितले. त्यात श्वास मोठा होता, शीळ नव्हती, आणि ओळ श्वासाएवढीच होती.

इस्पितळात एका भावाने दुसऱ्यासाठी फुंकले होते.

डिस्का कोणी घेतल्या, का घेतल्या, आणि घेणारे एक नसून दोन का आहेत, हे सगळे माझ्यापुढे आले. आयुष्यात प्रथमच उत्तर सापडल्यावर मला ते परत ठेवून द्यावेसे वाटले. थोरलीने पाटी पुढे केली होती: "आवडलं?"

७

दुसऱ्या दिवशी सकाळी मी चौघांना स्टुडिओत बसवले.

"मी तुम्हाला एकच वाक्य सांगितलं," मी म्हणाले. "डिस्क सापडत नाहीये. कच्च्या गाण्यांच्या डिस्का दोन होत्या आणि दोन ठिकाणी होत्या. ज्याला काही माहीत नाही तो विचारेल, कुठली? तसं एकानंच विचारलं." व्यवस्थापकाने मान वर केली. "कापूस, तू थेट या कपाटाबद्दल बोललास. घरच्या डिस्कवर तुझी सगळी भिस्त होती, आणि ती गेल्याचं ऐकून तू खरोखर घाबरलास. आणि तू गं, तू थेट खणाबद्दल बोललीस. इथली डिस्क सुखरूप आहे अशी तुझी खात्री होती. दोघांनी एकेक घेतली. एकमेकांना न सांगता."

मग कापूसने पिशवीतून फडक्यात गुंडाळलेली डिस्क काढली आणि टेबलावर ठेवली. "पुसून टाकणार होतो. हात धजला नाही."

"माझी तलावात आहे," धाकटी म्हणाली. "खोल बाजूला. संपली ती."

"एक तरी मिळाली," मी घाईने म्हणाले. "झालं ते झालं. आता कुणी कुणाला काही विचारायचं नाही."

पाटी माझ्या डोळ्यांपुढे आली. "का?"

शोधणाऱ्याचे काम 'कोण' सांगितल्यावर संपते, असे मी मानत आले होते. मी कापूसकडे पाहिले.

"वरच्या ओळी तुला जमत नव्हत्या," तो थोरलीला म्हणाला, जमिनीकडे बघत. "दहा वेळा गायचीस आणि म्हणायचीस, यातली एखादी तरी बरी असेल, तू निवड. एकही नसायची. मधेच तुटायची. धाकटीकडून मी त्या ओळी गाऊन घेतल्या होत्या, त्या ऐकून तुला गाता यावं, नमुना म्हणून. त्याच तुझ्या ओळींच्या जागी लावल्या. तुम्ही बहिणी, कुणाला कळणार? मला वाटलं, थकलीय, पुढच्या वेळी गाईल. तुझा श्वास मात्र मी ठेवला. तो कापायचा नाही, हा नियम होता."

"आणि तुला माहीत होतं?" मी धाकटीला विचारले.

"गाणं बाहेर आलं तेव्हा ऐकलं. स्वतःचा आवाज कळतो ना, मावशी." ती टॉवेल नसताना तोंड पुसत होती. "ताई इतकी खूश होती. तिनं मला मिठी मारली, म्हणाली, बघ, अजून वर जातो माझा. तेव्हा मी काय सांगायचं होतं? कापूसशीही कधी बोलले नाही. मला वाटलं, इथली डिस्क तो गप्प करेल, घरची मी करते."

"कधीपासून?" थोरलीने लिहिले.

"शेवटचे दोन संग्रह," कापूस म्हणाला. "दोन वर्षं."

तिने पाटीकडे पाहिले. खडू धरलेले बोट तसेच हवेत राहिले. मी तिच्या मागे उभी होते, म्हणून तिच्या मानेचे स्नायू आवळताना मला दिसले. वर्षभर आधी मी सगळ्यात चांगलं गात होते. ते वाक्य तिने डॉक्टरांना लिहून दाखवले होते, आणि ते मी बोलून दाखवणार नव्हते. गरज पडली नाही. कापूसच्या तोंडचा रंग उडाला, मग धाकटीचा. तिघे एकाच ठिकाणी एकामागून एक पोचले.

"हे सिद्ध करता येत नाही," मी म्हणाले. "आवाज तुटतोय हे कळून तू आधी आली असतीस तरी तंतू वाचला असता, याचा काही पुरावा नाही. डॉक्टर 'प्रयत्न' म्हणाले होते." विधान अचूक होते. त्याचा कोणालाही काही उपयोग नव्हता.

८

"आपण जाहीर केलेलं मागं घेऊ," व्यवस्थापक म्हणाला. "मी निभावतो ते."

थोरलीने त्याच्याकडे लक्ष दिले नाही. डिस्क उचलून कापूसच्या हातात दिली आणि यंत्राकडे बोट केले.

"नको," तो म्हणाला. "तुझ्या तुटलेल्या ओळी मी तेव्हाच पुसल्या होत्या. तुझ्या ट्रॅकवर त्या जागी काही नाही आता."

तिचे बोट खाली आले नाही.

त्याने डिस्क लावली. वाद्ये बंद केली, यंत्रावरचा एकेक दिवा विझत गेला. धाकटीचा ट्रॅक बंद करताना तो थांबला, मग तोही बंद केला. एक दिवा उरला.

स्पीकरमधून थोरली आली. एकटी. खालच्या ओळी तिच्याच होत्या, उघड्या, जवळून येणाऱ्या, आणि दोन ओळींच्या मधे बारीक शीळ. ती खुर्चीच्या कडेवर बसून ऐकत होती. मग ती प्रसिद्ध जागा आली. स्पीकरमधून तो छोटा श्वास आला, शिळेसकट.

आणि पुढे काही नाही. दिवा चालू, आवाज मोजणारा काटा शून्यावर.

यंत्र पुढे जात होते. एक खालची ओळ, तिची. पुन्हा श्वास. पुन्हा मोकळी जागा. कापूस बंद करायला हात पुढे करी आणि ती डोळ्यांनीच त्याला अडवी.

तिसऱ्या वेळी ती वळली आणि धाकटीकडे पाहिले. राग असता तर मला बरे वाटले असते. साथ देणारीला सूर द्यायची वेळ आली की मुख्य गाणारी पाहते, तसे ते पाहणे होते. हनुवटी किंचित वर. घे.

स्पीकरमधून थोरलीचा श्वास आला. त्याच क्षणी धाकटीने आपला घेतला. खांदे न उचलता, पोटातून, खूप खोल. तो किती मोठा आहे हे मला यंत्राशिवाय कळले. सबंध ओळीला पुरून उरला असता.

आम्ही वाट पाहत राहिलो. काटा शून्यावर होता. घेतलेला श्वास तिच्याकडून सुटला नाही, आणि मोकळी जागा सरून थोरलीची पुढची ओळ सुरू झाली.